घरी पुस्तक न देणारी लायब्ररी एवढी मोठी कशी झाली

ऐरोलीच्या ताईंनी विचारलंय की मुलाला ऑक्सफर्डला ॲडमिशन मिळालीय, तो म्हणतो तिथली बॉडलियन लायब्ररी पुस्तक घरी नेऊच देत नाही, मग एवढी कोटभर पुस्तकं नुसती ठेवून उपयोग काय, आणि आपल्याकडचं म्हणून जे काही तिथे जाऊन बसलंय ते निदान बघायला तरी मिळतं का. मी ठाण्याची, नवी मुंबईतल्या कॉलेज लायब्ररीत आणि त्याआधी हस्तलिखितांच्या कॅटलॉगिंगमध्ये बरीच वर्षं गेली, बॉडलियनमध्येही वाचक म्हणून बसलेय, त्यामुळे उत्तर लांबणार, आधीच सांगून ठेवते.

ताई, पहिलं म्हणजे मुलाची काळजी सोडा. बॉडलियन हे आता एका इमारतीचं नाव राहिलेलं नाही, वीसहून जास्त लायब्रऱ्यांचा तो एक ग्रुप आहे, त्यातल्या बऱ्याच फॅकल्टी लायब्रऱ्या पुस्तकं घरी देतात, शिवाय प्रत्येक कॉलेजची आपली लायब्ररी असते ती वेगळीच. देत नाही ती जुनी, मूळ बॉडलियन. आणि ती खरंच कोणालाच देत नाही. १६४५ मध्ये इंग्लंडचा राजा पहिला चार्ल्स यादवी युद्धामुळे ऑक्सफर्डलाच तळ ठोकून होता, त्याने एक पुस्तक मागवलं तर ग्रंथपाल जॉन राऊसने नियमांची वही नेऊन त्याच्यासमोर ठेवली, राजाने वाचली आणि म्हणाला ठीक आहे, राहू दे. पुढे त्या राजाचं डोकं उडवलं गेलं, क्रॉमवेल सत्तेवर आला, १६५४ मध्ये त्यानेही एक पुस्तक मागितलं, त्यालाही तेच उत्तर. (आपल्याकडे एका संस्थेत मी असताना कमिटीतल्या कोणाचाही नुसता फोन आला की रेफरन्सचा ग्रंथ ड्रायव्हरबरोबर रवाना व्हायचा आणि वर्ष-वर्ष परत यायचा नाही, त्यामुळे हा राऊस मला फार आवडतो.)

पण हा नियम माज म्हणून नाही आला, आधी हात पोळले म्हणून आला. ऑक्सफर्डमध्ये बॉडलियनच्या आधी एक लायब्ररी होऊन गेली होती. ड्यूक हम्फ्री म्हणजे पाचव्या हेन्री राजाचा धाकटा भाऊ, त्याने १४३९ ते १४४४ च्या दरम्यान युनिव्हर्सिटीला २८१ हस्तलिखितं दिली. छपाई यायच्या आधीचा काळ आहे हा, एकेक प्रत हाताने लिहिलेली, तेव्हा २८१ म्हणजे किती मोठं दान ते लक्षात घ्या. ती ठेवायला डिव्हिनिटी स्कूलच्या वर खास दालन बांधलं, ते १४८८ मध्ये उघडलं. आणि साठ-बासष्ट वर्षांत सगळं संपलं. १५५० मध्ये धर्मसुधारणेच्या लाटेत जुन्या, म्हणजे कॅथलिक पंथाची पुस्तकं नकोत म्हणून दालन रिकामं केलं, काही जाळली म्हणतात, बरीच विकली गेली, आणि १५५६ मध्ये तर वाचायची बाकंसुद्धा विकून टाकली. पुस्तकं नाहीत मग बाकं कशाला! त्या २८१ मधली अगदी बोटावर मोजण्याइतकी पुढे कधीतरी परत आली, बाकीची जगभर पांगली किंवा गेलीच.

ह्या रिकाम्या दालनातून थॉमस बॉडलीची गोष्ट सुरू होते. हा माणूस ऑक्सफर्डमध्येच मर्टन कॉलेजात शिकवायचा, नंतर राणी एलिझाबेथचा राजदूत म्हणून हॉलंडला होता, राजकारणाला कंटाळून परत आला आणि १५९८ मध्ये युनिव्हर्सिटीला पत्र लिहिलं की ती लायब्ररी मी माझ्या खर्चाने पुन्हा उभी करतो. पैसा कुठला? तर बराचसा बायकोचा. ॲन बॉल, श्रीमंत विधवा, तिच्या पहिल्या नवऱ्याने पिलचर्ड मासळीच्या व्यापारात रग्गड कमावलं होतं. पिलचर्ड म्हणजे आपल्या तारलीच्या जातीचा मासा. म्हणजे जगातली एवढी नावाजलेली लायब्ररी तारलीच्या पैशावर उभी राहिलीय, आमच्या चेंदणी कोळीवाड्यात हे सांगितलं तर लोक खूष होतील. पण नाव लागलं नवऱ्याचं, बाईचं नाही, हे पण नोंदवून ठेवते.

८ नोव्हेंबर १६०२ ला लायब्ररी उघडली तेव्हा अडीच हजारांच्या आसपास पुस्तकं होती. पहिला ग्रंथपाल थॉमस जेम्स. बॉडलीचा नियम होता की ग्रंथपाल अविवाहित पाहिजे, संसारात पडला की लायब्ररीकडे लक्ष राहत नाही, आणि ह्या जेम्सने नोकरी लागल्या लागल्या लग्नाची परवानगी मागितली, बॉडलीने कुरकुरत दिली. पण जेम्सने काम चोख केलं, १६०५ मध्ये लायब्ररीचा कॅटलॉग छापून काढला. आज हे ऐकून काही वाटत नाही, पण त्याआधी लायब्ररीत काय आहे हे फक्त लायब्ररीत गेल्यावरच कळायचं, छापील कॅटलॉग निघाला आणि लंडनमध्ये किंवा पॅरिसमध्ये बसलेल्या माणसाला कळायला लागलं की ऑक्सफर्डला जाण्यात अर्थ आहे की नाही. आमच्या धंद्यात एक गोष्ट पक्की आहे, ज्या पुस्तकाची नोंद नाही ते पुस्तक नाहीच. कपाटात असलं तरी नाही.

खरी कलाटणी मात्र १६१० ची आहे. लंडनमध्ये स्टेशनर्स कंपनी म्हणून छापखानेवाल्यांचा आणि पुस्तकवाल्यांचा संघ होता, बॉडलीने त्यांच्याशी करार केला की तुमच्याकडे नोंद होणाऱ्या प्रत्येक पुस्तकाची एक प्रत ऑक्सफर्डला फुकट द्यायची. सगळ्यांनी पाळला असं नाही, टाळाटाळ चालायचीच, पण तत्त्व ठरलं, आणि नंतर तेच कायद्यात आलं. आज ब्रिटन आणि आयर्लंड मिळून अशा सहा लायब्रऱ्या आहेत, त्यातली ब्रिटिश लायब्ररी सोडली तर बाकीच्या पाचांना प्रकाशकाकडे मागणी करावी लागते, बॉडलियन त्या पाचांतली एक, आणि २०१३ पासून ई-बुक आणि वेबसाइटसुद्धा ह्या कायद्यात आल्या. ताई, तुमच्या 'उपयोग काय' ह्या प्रश्नाचं उत्तर इथेच आहे. ही लायब्ररी आजच्या वाचकाला काय हवंय ते बघून पुस्तकं जमवत नाही. आलं ते घेते, नोंद करते, आणि ठेवते, आणि दोनशे वर्षांनी कोणाला काय लागेल हे आपल्याला कळत नाही असं धरून चालते. म्हणूनच घरी देत नाही, एक प्रत आहे, गेली तर गेली.

आता गंमत बघा, बॉडलीला स्वतःला हे पूर्ण पटलं नव्हतं. त्याने जेम्सला बजावून ठेवलं होतं की नाटकं, पंचांगं असला फालतू माल लायब्ररीत घ्यायचा नाही, बदनामी होते. त्याच्या मृत्यूनंतर दहा वर्षांनी, १६२३ मध्ये, शेक्सपियरची नाटकं पहिल्यांदा एकत्र छापली गेली, तो फर्स्ट फोलिओ, कराराप्रमाणे एक प्रत ऑक्सफर्डला आली, बांधून कपाटात लागली. मग १६६४ मध्ये तिसरी आवृत्ती आली, त्यात नाटकं जास्त होती, आणि कोणीतरी हिशेब केला की नवीन आहे, भरपूर आहे, मग जुनं कशाला, आणि जुनी प्रत जादाच्या पुस्तकांच्या गठ्ठ्यात एका विक्रेत्याला विकून टाकली, अख्खा गठ्ठा २४ पौंडांना. तिसऱ्या आवृत्तीतल्या त्या वाढीव नाटकांपैकी बहुतेक शेक्सपियरची नाहीतच हे नंतर कळलं, तो भाग तर अजूनच वाईट.

१९०५ मध्ये एक तरुण घरातलं जुनं पुस्तक घेऊन बॉडलियनमध्ये आला, बांधणी दुरुस्त करायची होती, सल्ला हवा होता. तिथल्या लोकांनी बांधणी बघितली आणि ओळखलं, ही आपलीच प्रत. अमेरिकेतला फोल्जर तेव्हा फर्स्ट फोलिओ गोळा करत सुटला होता, त्याने ३००० पौंड देऊ केले, त्या काळात हा आकडा डोळे पांढरे करणारा होता. बॉडलियनने जाहीर आवाहन करून, वर्गणी काढून तेवढीच रक्कम उभी केली आणि १९०६ मध्ये आपलंच पुस्तक परत विकत घेतलं. त्या प्रतीत सगळ्यात जास्त झिजलेली पानं कुठली तर रोमिओ-ज्युलिएटची. सतराव्या शतकातल्या पोरांनी हात लावून लावून झिजवलीत, म्हणजे प्रोफेसर लोक फालतू म्हणत होते तेव्हा पोरं तेच वाचत होती.

मी ही गोष्ट दर वेळी कोणी 'जुनी पुस्तकं काढून टाका, जागा करा' म्हणालं की सांगते. वीडिंग करावं लागतं, मान्य, २०-२५ वर्षं जुनी कॉम्प्युटरची टेक्स्टबुकं ठेवून करणार काय. कॉलेजच्या लायब्ररीला जागा नसते, बजेट नसतं, तिथे ते बरोबरच आहे. पण प्रत्येक भाषेला, प्रत्येक देशाला निदान एक तरी जागा अशी लागते जिथे हा निवाडा करायचाच नाही असं ठरलेलं असतं.

फेकलं नाही त्याचे फायदे पण ऐका. बॉडलीने १६०४ च्या सुमारास चिनी पुस्तकं घेतली, तेव्हा अख्ख्या ऑक्सफर्डमध्ये एकाला चिनी येत नव्हतं, पुस्तक सरळ धरलंय की उलटं हेही सांगता येत नव्हतं. ऐंशीएक वर्षं ती तशीच पडून. १६८७ मध्ये शेन फुत्सुंग नावाचा एक चिनी माणूस इंग्लंडमध्ये आला होता, तो ऑक्सफर्डला आला, ग्रंथपाल थॉमस हाइडबरोबर बसला आणि कुठलं पुस्तक कशाचं आहे ते सांगितलं, तेव्हा कुठे नोंदी झाल्या. आणि सेल्डन नावाच्या कायदेपंडिताचा मोठा संग्रह १६५९ मध्ये आला त्यात एक चिनी नकाशा होता, समुद्री व्यापाराचे मार्ग दाखवणारा, तो गुंडाळून ठेवला गेला आणि त्याचं खरं महत्त्व थेट २००८ मध्ये एका संशोधकाच्या लक्षात आलं. त्या नकाशाच्या कडेला आपल्या कालिकतचा उल्लेख आहे, तिथून एडन, होर्मुझकडे कसं जायचं त्याच्या सूचना आहेत. साडेतीनशे वर्षं कोणी विचारलं नाही. आपल्याकडच्या ऑडिटमध्ये 'गेल्या दहा वर्षांत इश्यू झाला नाही' म्हणून निर्लेखन यादीत पहिल्या पानावर गेला असता.

जागेचं काय करतात? जागा कायम कमीच पडलीय. पर्यटक ज्या गोल घुमटाच्या इमारतीचे फोटो काढतात ती रॅडक्लिफ कॅमेरा (कॅमेरा म्हणजे इथे दालन), ती मुळात वेगळी लायब्ररी होती, १७४९ ची, नंतर बॉडलियनने वाचनकक्ष म्हणून घेतली. तिच्या शेजारी जमिनीखाली विसाव्या शतकाच्या सुरुवातीला गोदाम खणलं आणि त्यात सरकती कपाटं बसवली, ती कल्पना ग्लॅडस्टनची, हो तोच, ब्रिटनचा पंतप्रधान ग्लॅडस्टन. आपण ज्याला कॉम्पॅक्टर म्हणतो ना त्याचे हे आजोबा. मग १९३० च्या दशकात रस्त्याच्या पलीकडे न्यू बॉडलियन बांधली, उद्घाटन युद्धामुळे लांबून १९४६ ला झालं, राजा सहावा जॉर्ज आला, समारंभाची चांदीची किल्ली कुलपात फिरवली आणि ती तुटली. तिचा आर्किटेक्ट जाइल्स गिल्बर्ट स्कॉट. हे नाव ओळखीचं वाटत असेल तर बरोबर आहे, त्याचे आजोबा जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट म्हणजे आपल्या मुंबई युनिव्हर्सिटीच्या फोर्टमधल्या लायब्ररीचे आणि राजाबाई टॉवरचे आर्किटेक्ट. प्रेमचंद रायचंदांनी आईच्या नावाने पैसे दिले, टॉवर १८७८ मध्ये पूर्ण झाला, आणि स्कॉटसाहेबांनी लंडनहूनच नकाशे पाठवले, इथे पाऊलही टाकलं नाही. तर मुलाला सांगा, चर्चगेटला जाऊन एकदा राजाबाई बघून ये मग ऑक्सफर्डला जा, आजोबा-नातू दोघांचं काम बघून होईल.

आता बहुतेक पुस्तकं ऑक्सफर्डमध्ये नाहीतच, स्विंडनला आहेत, साधारण ४५ किलोमीटरवर, म्हणजे आपल्याला ठाण्याहून पनवेलच्या पुढे गोदाम असल्यासारखं. २०१० मध्ये सुरू झालं, ११ मीटर उंच रॅक, एकूण १५३ मैल म्हणजे जवळजवळ २४६ किलोमीटर शेल्फ. तिथे पुस्तकं विषयवार लावत नाहीत, आकारावर लावतात, बारकोड हाच पत्ता, वर चढायला फोर्कलिफ्टसारखी मशिनं. एमआयडीसीतलं वेअरहाऊस बघितलंय ना, तेच. ऑनलाइन मागणी टाकली की व्हॅनने पुस्तक ऑक्सफर्डच्या वाचनकक्षात येतं. खाडीकाठच्या दमट हवेत बुरशी आणि वाळवीशी भांडण्यात आयुष्य गेलेल्या माझ्यासारखीला त्या गोदामातल्या कायम एकसारख्या तापमानाचा जास्त हेवा वाटतो, घुमटाबिमटाचा नाही.

आता आपल्याकडचं. हा भाग खरंच मोठा आहे. ऑक्सफर्डमध्ये संस्कृतचं बोडेन अध्यासन १८३२ मध्ये सुरू झालं (बोडेन आणि बॉडली वेगळे, बोडेन हा ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई फौजेतला कर्नल), पहिले प्रोफेसर होरेस विल्सन, त्यांचा हस्तलिखितांचा संग्रह बॉडलियनने घेतला. त्यांच्यानंतरचे मोनियर विल्यम्स, कोशवाले, ते तर जन्मानेच मुंबईकर, १८१९ चे. त्यांनी भारतात फिरून राजेरजवाड्यांकडून वर्गणी गोळा करून ऑक्सफर्डमध्ये इंडियन इन्स्टिट्यूट उभी केली, तिची लायब्ररी पुढे बॉडलियनमध्ये आली. १९०९ मध्ये नेपाळचे पंतप्रधान चंद्र शमशेर यांनी संस्कृतची ६ हजारांहून जास्त हस्तलिखितं एकदम भेट दिली. सहा हजार पोथ्या एका फटक्यात! कॅटलॉगिंग करणाऱ्याच्या पोटात गोळा येतो, पुढच्या दोन-तीन पिढ्यांचं काम.

सगळ्यात गाजलेली म्हणजे बख्शाली हस्तलिखित. १८८१ मध्ये पेशावरजवळ बख्शाली गावात शेतात खणताना भूर्जपत्रं सापडली, त्यातली ७० पानं उरली, तीही सगळी धड नाहीत, शारदा लिपी, सगळं गणित, वर्गमूळ काढायच्या रीती, समीकरणं, आणि शून्याच्या जागी ठिपका. हर्नल ह्या संशोधकाकडून १९०२ मध्ये ती बॉडलियनला मिळाली. २०१७ मध्ये कार्बन डेटिंग झालं आणि पेपरात मथळे आले की शून्य तिसऱ्या-चौथ्या शतकातलं. तुमच्या व्हॉट्सॲपवर पण आलं असेल. त्यात एक पाचर आहे. तीन पानांचे नमुने तपासले आणि तीन वेगळे काळ आले, एक तिसरं-चौथं शतक, एक सातवं-आठवं, एक नववं-दहावं. आणि गणिताच्या इतिहासातल्या अभ्यासकांनी लगेच आक्षेप घेतला की मजकूर एकसंध दिसतोय, लिहिणारे हातही एकमेकांत मिसळलेत, तर मग सगळ्यात उशिराच्या पानाचा काळ धरायला हवा, भूर्जपत्राची साल जुनी असली म्हणून लिखाण जुनं ठरत नाही. मला आक्षेप घेणाऱ्यांचं म्हणणं जास्त पटतं. ठिपका खरा आहे, महत्त्वाचा आहे, पण 'जगातलं पहिलं शून्य, तिसरं शतक' हे फॉरवर्ड करताना जरा थांबा.

दुसरी शिक्षापत्री, म्हणजे आचारनियमांची पोथी. स्वामीनारायण संप्रदायाच्या सहजानंद स्वामींनी १८३० मध्ये राजकोटला मुंबईचे गव्हर्नर जॉन माल्कम यांना जी प्रत दिली तीच ही असं मानलं जातं. शेजारच्या एखाद्या गुजराती कुटुंबाला विचारा, इंग्लंडला गेलेले कित्येक भाविक खास तिच्या दर्शनाला ऑक्सफर्डला जातात. लायब्ररीत दर्शन, हा प्रकार तिथल्या स्टाफला पण अंगवळणी पडलाय.

मग 'हे सगळं परत आणायला नको का' हा प्रश्न येतोच, तुम्ही विचारला नाहीत तरी येणार. सरसकट उत्तर नाहीये. शिक्षापत्री दिलेली भेट आहे, नेपाळच्या पोथ्या पण भेट. बख्शाली साहेबाच्या राज्यात साहेबाच्या हाती गेली, तिथे भेट वगैरे म्हणता येत नाही, पण ते गाव आज पाकिस्तानात आहे, मग परत म्हणजे कोणाला? माझा राग वेगळाच आहे. कल्याणच्या, अलिबागच्या, आमच्या ठाण्याच्या जुन्या घरांत लाल फडक्यात बांधलेल्या पोथ्या अजून निघतात, घर रिडेव्हलपमेंटला गेलं की रद्दीत किंवा खाडीत विसर्जन. त्यांची साधी यादी कोणी करत नाही. ऑक्सफर्डमधल्या पोथीचा निदान शेल्फमार्क, म्हणजे कपाटातल्या जागेचा क्रमांक, तरी आहे.

आणि असं नाही की आपल्याकडे हे कोणाला सुचलंच नाही. ठाण्याचं मराठी ग्रंथ संग्रहालय १८९३ चं, फक्त मराठी पुस्तकांसाठी, विनायक लक्ष्मण भाव्यांनी पुढाकार घेऊन उभं केलं, आणि १६१० च्या करारासारखा कायदाही आपल्याकडे आहे, १९५४ चा, प्रकाशकाने प्रत्येक पुस्तक कोलकात्याच्या नॅशनल लायब्ररीला आणि चेन्नई, मुंबई, दिल्लीच्या एकेका लायब्ररीला पाठवायचं. किती प्रकाशक पाठवतात ते ओळखीच्या प्रकाशकाला विचारून बघा, बहुतेकांना कायदा माहीतच नसतो.

आता मुलाने करायचं ते. कार्ड घेताना त्याला एक प्रतिज्ञा करावी लागेल, त्यात पुस्तक बाहेर नेणार नाही, खुणा करणार नाही, आणि लायब्ररीत आग किंवा ज्योत आणणार नाही, पेटवणार नाही असं आहे. हसू नका, ह्याच भीतीपायी १८४५ पर्यंत तिथे थंडीत शेकोटी किंवा हीटिंग नव्हतं आणि कृत्रिम दिवे १९२९ ला आले, तोवर अंधार पडला की लायब्ररी बंद. प्रतिज्ञा आपल्या भाषेत पण म्हणता येते, शंभरहून जास्त भाषांत तिची भाषांतरं केलेली आहेत. कॅटलॉगचं नाव सोलो, पहिल्याच आठवड्यात तो वापरायला शिकून घे म्हणावं, स्विंडनहून मागवायचं पुस्तक एक दिवस आधी टाकायची सवय लावायची. हस्तलिखितं वेस्टन लायब्ररीत, म्हणजे तीच न्यू बॉडलियन नूतनीकरण करून २०१५ ला उघडलेली. तिथे पेन चालत नाही, फक्त पेन्सिल, बॅग लॉकरमध्ये, पोथी फोमच्या उशीवर ठेवायची, आणि बख्शालीसारखी नाजूक वस्तू नुसती बघायचीय म्हणून काढून देत नाहीत, कारण द्यावं लागतं, बहुतेक वेळा फोटोप्रतीवर भागवतात. तुम्ही भेटायला गेलात तर वेस्टनच्या तळमजल्यावरची प्रदर्शनं फुकट असतात, कार्ड लागत नाही. आणि इथे ऐरोलीत बसून बघायचं असेल तर डिजिटल बॉडलियन नावाची त्यांची साइट आहे, लाखो पानांचे फोटो, पैसे नाहीत, मोबाईलवर नको, लॅपटॉपवर उघडा, झूम करायला बरं पडतं.